डब्यावर काय लिहिलंय ते आधी सांगा (जुनं फुटेज, रिळं आणि आमची हमाली)

डबेवाला_महापे (धागाकर्ता)

नमस्कार मंडळी. तीन-चार वर्षं इथे नुसता वाचनमात्र आहे, पण कालच्या प्रकारानंतर राहवलं नाही म्हणून धागा काढतोय. राहायला ठाण्यात, कामाला महापे एमआयडीसीत एका छोट्या लॅबमध्ये. जुन्या फिल्म आणि टेपा साफ करायच्या, स्कॅन करायच्या, ज्यांच्या आहेत त्यांच्यासाठी सांभाळायच्या आणि डॉक्युमेंट्रीवाले, चॅनेलवाले, जाहिरातवाले मागतील तसे त्यातले तुकडे पुरवायचे, हा आमचा धंदा. रीळ डब्यात येतं आणि डब्यात जातं म्हणून आयडी असा घेतलाय. टोपी तेवढी नाही.

तर काल सकाळी अकराला एका चॅनेलमधून फोन. पोरगा नवीन असावा, आवाजावरून तरी तसंच वाटलं. "सर, पहिली ट्रेन ठाण्याला आली ना, त्याचं फुटेज हवंय, तीस सेकंद पुरे, संध्याकाळपर्यंत मेल करा." म्हटलं अरे बाबा ती गाडी १६ एप्रिल १८५३ ची, सिनेमा पॅरिसमध्ये लोकांनी तिकीट काढून बघितला १८९५ च्या डिसेंबरात, आणि मुंबईत वॉटसन हॉटेलात आला ७ जुलै १८९६ ला, म्हणजे गाडी ठाण्यात येऊन त्रेचाळीस वर्षं उलटल्यावर. पलीकडे जरा शांतता. मग म्हणतो, "ब्लॅक अँड व्हाइट असलं तरी चालेल सर."

हसलो मी पण, पण फोन ठेवल्यावर वाटलं की त्याची तरी काय चूक, लोकांना वाटतं जुनं सगळं कुठेतरी कॉम्प्युटरमध्ये पडलेलं असतं आणि आम्ही नुसतं बटण दाबत नाही. म्हणून गेल्या महिन्याचं एक काम सांगतो. एका डॉक्युमेंट्रीवालीला वाशीचा जुना खाडीपूल बांधतानाचं काहीतरी हवं होतं, जो १९७३ ला सुरू झाला तो. आमच्याकडे एका बांधकामवाल्यांचं जुनं साहित्य आहे, १६ एमएमचे चाळीसेक डबे. त्यातल्या सहा डब्यांवर खडूने लिहिलंय "पूल मिस." आणि पुढे आकडा. बस. कुठला पूल, कधीचा, निगेटिव्ह की प्रिंट, आवाज आहे की मुका, काही नाही. मिस म्हणजे मिसलेनियस हे पण आम्हाला तिसऱ्या डब्याला कळलं, आधी वाटलं होतं की कुठलीतरी मिस पूल आहे, म्हणजे पाण्यातली सौंदर्यस्पर्धा वगैरे 😀

आता डबा थंड खोलीतून काढला की लगेच उघडायचा नाही. एसी गाडीतून पावसाळ्यात बाहेर पडल्यावर चष्म्यावर वाफ धरते ना, तेच फिल्मवर होतं. रात्रभर बाहेरच्या हवेत सोसवायचा, मग झाकण. इथेच "संध्याकाळपर्यंत" संपलं. उघडल्यावर पहिलं काम नाकाचं. आंबट वास आला, व्हिनेगरसारखा, की समजायचं अॅसिटेटची फिल्म सडायला लागली. त्या फिल्ममधून अॅसिटिक अॅसिड सुटतं आणि तेच अॅसिड फिल्मला अजून सडवतं, एकदा सुरू झालं की वेग वाढतच जातो. एक नासका डबा कपाटातल्या बाकीच्यांना पण लागतो, आढीतल्या आंब्यासारखं. कागदाच्या छोट्या निळ्या पट्ट्या मिळतात, डब्यात ठेवायच्या, निळी राहिली तर ठीक, हिरवी झाली तर घाई करा, पिवळी झाली तर आधीच उशीर झालाय. आमच्या सहातले चार हिरवे होते, एक पिवळा.

मग रिवाइंडरवर हाताने रीळ फिरवायचं, एका बोटाने कड चाचपत. कुठे स्प्रॉकेटचं भोक फाटलंय, कुठे जुना जोड सुटलाय, कुठे फिल्म कपासारखी वाकलीये. आकसलेली फिल्म प्रोजेक्टरवर चढवली तर दाते भोकात बसत नाहीत आणि सरळ फाडत जातात. म्हणून स्कॅनर असा लागतो की जो दात्यांवर ओढत नाही, नुसत्या रोलरवर चालवतो. ४०० फुटांचं १६ एमएमचं रीळ म्हणजे बघायला अकरा मिनिटं, आणि ते बघण्यालायक करायला आमचे दोन दिवस.

आणि एवढं करून काय दिसलं? नऊ मिनिटं काँक्रीट ओततायत. कुठलाही पूल असू शकतो. मग हेरगिरी. फिल्मच्या कडेला कंपनीचं नाव असतं आणि जुन्या कोडॅकवर बारीक चिन्हं असतात, गोल, चौकोन, त्रिकोण, त्यावरून ती कोरी फिल्म कुठल्या साली बनली ते कळतं. पण तीच चिन्हं वीस वर्षांनी परत येतात, म्हणजे नुसत्या चिन्हावर भरवसा नाही, आणि प्रिंट असेल तर निगेटिव्हची चिन्हं पण तिच्यावर उमटतात, म्हणजे एका कडेला दोन जन्मतारखा. शेवटी दहाव्या मिनिटाला कॅमेरा जरा वर गेला, मागे खाडी, पलीकडे नुसती खारफुटी आणि भरतीचं पाणी, एक इमारत नाही, रेल्वेचा पूल नाही. मानखुर्द-वाशी लोकल ९२ ची. म्हणजे त्याच्या आधीचं, आणि मागे ट्रॉम्बेचा डोंगर ओळखू आला. सापडलं. अठरा सेकंद.

त्या डब्यावर तेव्हाच कुणी पेन्सिलीने दोन ओळी लिहिल्या असत्या ना, तर तीन आठवडे वाचले असते. आमचं अर्धं आयुष्य असं कुणीतरी न लिहिलेलं शोधण्यात जातं. असो, मोठं झालं. विचारा काय विचारायचं ते.

नौपाडेकर

मस्त लिहिलंय. पण एक प्रामाणिक प्रश्न, राग मानू नका. त्या अठरा सेकंदांचे तुम्ही किती घेतले? माझा भाचा डॉक्युमेंट्री करतो, तो सांगत होता की सेकंदावर रेट असतो आणि वर किमान एवढे सेकंद घ्यावेच लागतात. जुनं फुटेज म्हणजे समाजाचं ना, यूट्यूबवर ढीगभर पडलंय फुकट.

डबेवाला_महापे

राग कसला. आकडा इथे सांगत नाही, मालक वाचतात 😀 पण रेट कशावर ठरतो ते सांगतो. कुठे दाखवणार, एका चॅनेलवर की सगळ्या जगात, किती वर्षं, थिएटर की मोबाईल, जाहिरात असेल तर अजून वर. आधी तुम्हाला प्रिव्ह्यू जातो, त्यावर टाइमकोड, म्हणजे मिनिट-सेकंदाचा आकडा छापलेला आणि मधोमध वॉटरमार्क. त्यातून तुम्ही कुठून कुठपर्यंत हवं ते कळवायचं, कागद सही व्हायचे, मग स्वच्छ मास्टर. प्रिव्ह्यूच वापरून वॉटरमार्कवर स्वतःचा लोगो चिकटवणारे पण भेटलेत, त्यांची नावं घेत नाही.

समाजाचं म्हणाल तर १९५७ च्या कॉपीराइट कायद्याप्रमाणे सिनेमाचा हक्क प्रकाशित झाल्याच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं. म्हणजे १९६० ला लागलेली न्यूजरील २०२१ पासून मोकळी. पण हक्क मोकळा झाला म्हणून रीळ हातात येत नाही, ते ज्याच्या कपाटात आहे त्याच्या दारात जावंच लागतं. आणि मागे गाणं वाजत असेल तर त्याचे हक्क अजून वेगळे. यूट्यूबवरचं बहुतेक सगळं टीव्हीवरून कुणीतरी व्हीएचएसवर घेतलेलं, त्याची कॉपी, तिची परत कॉपी. मोबाईलवर ठीक दिसतं, थिएटरात तोंडं म्हणजे उकडलेले बटाटे.

खर्चाचं पण ऐका. ३५ एमएमची एक फ्रेम २के मध्ये स्कॅन केली की साधारण १२ एमबी, सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे एका मिनिटाचे १७-१८ जीबी. ४के केलं की चौपट. दहा मिनिटांचं एक रीळ ४के मध्ये सातशे जीबी खातं. ते हार्ड डिस्कवर ठेवून चालत नाही, डिस्क कधी मान टाकेल नेम नाही, म्हणून एलटीओ नावाच्या टेपवर दोन प्रती, दोन वेगळ्या जागी. गंमत अशी की दर काही वर्षांनी नवीन ड्राइव्ह येतात आणि ते फार जुन्या टेपा वाचत नाहीत, म्हणून सगळं परत नव्या टेपेवर. कॉपी करताना एखादा बिट हलला तर कळावं म्हणून प्रत्येक फाइलचा एक आकडा काढून ठेवतात, चेकसम म्हणतात, तो मधून मधून जुळवून बघायचा. मी शिफ्टला बसून हेच करतो बऱ्याचदा. जुळलं, जुळलं, जुळलं. तपश्चर्या आहे.

चिवडा_पोहे

अहो मग एवढा एसीचा खर्च कशाला, तुर्भ्याला एपीएमसीत एवढी कोल्ड स्टोरेजं आहेत, सफरचंदांच्या पेट्यांशेजारी ठेवा की डबे. व्हिनेगरचा वास पण कुणाला कळणार नाही 🙏

डबेवाला_महापे

चिवडा, तुम्ही गंमत केलीत पण हे आम्हाला एका पार्टीने गंभीरपणे सुचवलं होतं. फळांच्या कोल्ड स्टोरेजमध्ये थंडी असते पण हवा मुद्दाम दमट ठेवतात, फळ सुकू नये म्हणून. फिल्मला उलट हवं, थंड आणि कोरडं. दमट हवेत फिल्मवरच्या जिलेटिनच्या थरावर बुरशी धरते. जिलेटिन म्हणजे हाडं-कातड्यापासून केलेलं, बुरशीला मेजवानीच. आपल्याकडे जुलैत चपला कपाटात हिरव्या होतात, तर फिल्मचं काय. आमच्याकडे लाइट गेली की पहिला माणूस डीह्युमिडिफायरकडे पळतो, कॉम्प्युटरकडे नाही.

कार्बन_आर्क

धागा वाचून गहिवरलो. मी ठाण्यात आणि नंतर कल्याणला थिएटरात ऑपरेटर होतो, एकंदर सव्वीस वर्षं. नातवाने मोबाईलवर मराठी टायपिंग शिकवलं त्याला हा पहिला मोठा प्रतिसाद, चुका सांभाळून घ्या.

आमच्या वेळी दोन मशिनी. दोन हजार फुटांचं रीळ बावीस मिनिटं चालायचं. ते संपत आलं की पडद्याच्या उजव्या वरच्या कोपऱ्यात एक ठिपका यायचा, तेव्हा दुसऱ्या मशिनीची मोटर चालू करायची, परत ठिपका आला की चेंजओव्हर, म्हणजे या मशिनीवरून त्या मशिनीवर. पब्लिकला कळता कामा नये. उजेड कार्बनच्या कांड्यांचा, दोन कांड्या टोकाला टोक आणून जाळ धरायचा, त्या जळत जातील तशा पुढे सरकवत राहायच्या, लक्ष गेलं की पडदा पिवळा आणि खालून शिट्ट्या. एक प्रिंट दोन थिएटरात चालायची, इकडचं रीळ संपलं की पोरगं सायकलवर टाकून तिकडे. फाटक लागलं की तिकडे इंटर्व्हल वाढायचं.

फिल्म तुटली की दोन्ही टोकं कापून फिल्म सिमेंटने, म्हणजे चिकटवायच्या द्रवाने जोडायची, दर वेळी दोन-चार फ्रेमा जायच्या. आवाजाची पट्टी चित्राच्या शेजारीच असते पण त्या त्या चित्राचा आवाज त्याच्या बाजूला नसतो, पुढे असतो, ३५ ला वीसेक फ्रेमा आणि १६ ला २६. त्यामुळे तुकडा कापला की चित्र एकाचं आणि आवाज भलत्याचा उडायचा. हिरो तोंड उघडतो आणि शब्द गायब, हे त्यामुळे.

आणि एक सांगतो, मनाला लागलेलं. प्रिंट घासून घासून संपली की भंगारात जायची. ब्लॅक अँड व्हाइट फिल्ममध्ये चांदी असते, ती काढायला नेत. नुसती पारदर्शक पट्टी उरली की तिच्या बांगड्या, पर्सा असलं काय काय. आम्ही किलोवर दिलेलं बघितलंय. तेव्हा वाईट वाटलं नाही, जागा मोकळी झाली असंच वाटलं.

शंकासुर

कार्बनकाका, दंडवत. तुम्ही म्हणता ते देशभर झालं म्हणूनच आपल्याकडे मूकपट तेराशेच्या वर निघाले आणि त्यातले तीससुद्धा धड उरले नाहीत, जे आहेत त्यातले बरेच तुकडेच. दादासाहेब फाळक्यांचा १९१३ चा 'राजा हरिश्चंद्र' चार रिळांचा, त्यातली पहिली आणि शेवटची अशी दोनच. पहिला बोलपट 'आलम आरा' १९३१ चा, त्याची एक फ्रेम हलताना आज दिसत नाही, फोटो आणि जाहिराती आहेत तेवढ्याच. त्याआधी सावेदादांनी, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी १८९९ ला मुंबईत हँगिंग गार्डनमध्ये कुस्ती चित्रित केली होती, आपल्या माणसाने आपल्याकडे घेतलेलं अगदी सुरुवातीचं चित्रण, तेही गेलं.

जे वाचलं ते बरंचसं पुण्याच्या फिल्म अर्काइव्हमुळे, १९६४ ला सुरू झालं, आणि पी. के. नायर या माणसाच्या वेडामुळे. फाळक्यांच्या घरच्यांपर्यंत जाऊन रिळं मिळवली त्यांनी. आणि तरी २००३ च्या जानेवारीत पुण्यात जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारातल्या गोदामाला आग लागून नायट्रेटच्या फिल्मा जळाल्याच.

नायट्रेटबद्दल डबेवाल्यांनी लिहावं.

डबेवाला_महापे

थोडक्यात लिहितो कारण आमच्या लॅबमध्ये नायट्रेट घेतच नाही, परवानगी नाही आणि छातीही नाही. १९५० च्या आसपासपर्यंत ३५ एमएम फिल्म बहुतेक नायट्रेटवर असायची. ती पेटली की स्वतःचा ऑक्सिजन स्वतः तयार करते, पाण्यात बुडवली तरी जळते. सडताना आधी पिवळसर, मग चिकट, मग फेस, मग तपकिरी भुकटी. कुणाकडे वाड्यात-माळ्यावर ५० च्या आधीचे ३५ एमएमचे डबे असतील तर कृपा करून गच्चीत उन्हात वाळवत बसू नका आणि बसमधून आणू तर अजिबात नका, पुण्याला अर्काइव्हला कळवा. ते आता एनएफडीसीत, म्हणजे सरकारी चित्रपट विकास महामंडळात विलीन झालंय, २०२२ पासून, आपल्या पेडर रोडची फिल्म्स डिव्हिजन पण. घरगुती ८ आणि १६ एमएमची भीती नाही, ते आधीपासून सेफ्टी फिल्मवरच, म्हणजे वर सांगितलेल्या अॅसिटेटसारख्या, भडकन न पेटणाऱ्या.

घोडबंदर_ट्रॅफिक

आता एआय आलंय ना शेठ. अठरा सेकंद कशाला शोधता, प्रॉम्प्ट टाका "वाशी ब्रिज १९७१", मिळतंय. कलर पण होतंय.

डबेवाला_महापे

मिळतंय की. त्यात मजुरांना सहा बोटं पण मिळतात. चित्र मिळतं, पूल मिळत नाही. आमच्याकडून जे जातं त्याखाली आम्ही सही करतो की हे तेव्हाचं आहे. रंगवलेलं मागतात, तर सरळ सांगतो, तुमच्याकडे नेऊन काय रंग फासायचा तो फासा, डब्यातून जसं निघालं तसंच देणार.

संपादक_मंडळ

घोडबंदरच्या वाहतुकीवरचे अकरा आणि चिवड्यात मनुके असावेत का यावरचे सात प्रतिसाद दुसरीकडे हलवले आहेत.

मीनल_ऐरोली

हा धागा वाचून काल नौपाड्याच्या घरी आईकडे गेले आणि माळ्यावरून बाबांची बॅग काढली. बाबा जाऊन नऊ वर्षं झाली. ते ठाणे-बेलापूर रोडच्या एका कंपनीत इंजिनियर होते आणि त्यांना कॅमेऱ्याचा भयंकर नाद. चौदा छोटी रिळं निघाली, तळहातावर मावतील एवढी, प्रत्येक आपापल्या पिवळ्या खोक्यात. प्रोजेक्टर पण आहे पण चालू करायची हिंमत झाली नाही. वास घेतला, आंबट नाही, नॅफ्थलीनचा आहे 😀 पुढे काय करू? आणि यात असेल तरी किती?

डबेवाला_महापे

मीनलताई, प्रोजेक्टर चालू केला नाहीत हे फार उत्तम केलंत. त्याचे रबर बेल्ट एवढ्या वर्षांत चिकट झालेले असतात, रीळ मध्येच अडकलं की समोर तापलेला दिवा, दोन सेकंदात फ्रेमला भोक. तुमच्याकडे सुपर ८ आहे, ५० फुटांचं एक, १८ फ्रेमच्या वेगाने तीन मिनिटं वीस सेकंद. चौदा म्हणजे पाऊण तासाच्या आसपास. पिवळं खोकं म्हणजे कोडॅक, त्यांची कोडाक्रोम नावाची रंगीत फिल्म असेल तर लॉटरी लागली, अंधारात राहिलेल्या कोडाक्रोमचे रंग फार टिकतात. त्या काळातल्या सिनेमाच्या प्रिंटा गुलाबी होऊन गेल्या आणि घरगुती कोडाक्रोम अजून कालच्यासारखी, असं बघितलंय मी.

नॅफ्थलीनच्या गोळ्या मात्र आजच काढा. प्लास्टिकच्या पिशवीत घट्ट बांधू नका. माळा नको, पत्र्याखाली तापतो, पलंगाखाली चालेल. आणि सगळ्यात महत्त्वाचं, खोक्यावर काय लिहिलंय ते फोटो काढून ठेवा, रीळ एका खोक्यातलं दुसऱ्यात जाऊ देऊ नका.

मीनल_ऐरोली

लिहिलंय ना, तेच तर. बाबांचं अक्षर मोत्यासारखं. ऐका: "२८-११-७६. ऊन. फिल्टर लावला. ४० फूट." दुसऱ्यावर "९-१-७७. ढगाळ. ५० फूट. शेवटी हात हलला." चौदाच्या चौदा असेच. कोण आहे, कुठे आहे, एका शब्दाने नाही! हात हलला ते लिहिलंय, कुणाला बघून हलला ते नाही.

कार्बन_आर्क

इंजिनियर माणूस. आमच्या मशिनीच्या लॉगबुकात पण असंच, कार्बन किती जळला ते सगळं, सिनेमा कुठला ते नाही.

मीनल_ऐरोली

७६ च्या रिळाची पट्टी खिडकीशी धरून मोबाईलने फोटो काढलेत, झूम करून. तीन टाकतेय. एकात तलाव, काठाला रस्ता आणि झाडं. एकात आत्याबाई उभ्या आहेत असं मला वाटतंय. एकात एक माणूस, हातात काळी छत्री, कॅमेऱ्याकडे बघून हसतोय. कुठला तलाव ओळखा बघू ठाणेकर.

नौपाडेकर

तलावपाळी! अजून कोण.

शंकासुर

नाही हो. तलावपाळीचा मासुंदा असेल तर काठावरचं गडकरी रंगायतन नाट्यगृह कुठाय?

नौपाडेकर

रंगायतन ७८ चं. खोक्यावर ७६ लिहिलंय. शंकासुरा, तूच इतिहास सांगत होतास ना वर.

शंकासुर

मान्य, मी माघार. पण मग रस्ता बघा. जांभळी नाक्याच्या अंगाने घेतलंय म्हणता तर पाणी या हाताला कसं? मी लहानपणापासून तिथे भेळ खातोय, पाणी त्या हाताला. हा कचराळी असणार.

चिवडा_पोहे

उपवन म्हणतो मी. ठाण्यात तलावांना तोटा आहे का, कुठलाही ठोकून द्या.

सानपाडा_लोकल

बाळपण गेलं चरईत. हा मासुंदाच, घाट ओळखीचा आहे. पण काहीतरी विचित्र दिसतंय खरं, स्वप्नात आपलं घर दिसतं ना, आपलंच असतं पण दार भलतीकडे, तसं.

(पुढची बत्तीस पोस्टं हीच मारामारी. वगळून वाचलीत तरी चालेल. — नौपाडेकर)

मीनल_ऐरोली

आत्ता आईला फोटो दाखवला. ती ८१ वर्षांची, मोतीबिंदूचं ऑपरेशन झालंय, मोबाईल नाकाला लावून बघते. तलावाकडे बघितलंच नाही. म्हणाली, "ही वन्संच आहेत, पण पदर उजव्या खांद्यावर कसा घेतलाय? त्या काय गुजराती होत्या?"

डबेवाला_महापे

अरे देवा. मीनलताई, आईंना माझा साष्टांग नमस्कार सांगा. आम्ही सगळे तलाव मोजत बसलो आणि त्यांनी पदर बघितला. फिल्म उलटी धरलीये! तिला दोन बाजू असतात, एक चकचकीत आणि एक जरा मंद, मंद बाजूला चित्राचा थर. कॅमेऱ्यातून निघालेली मूळ सुपर ८ चकचकीत बाजूने बघायची. तुम्ही मंद बाजूने फोटो काढलात, म्हणून सगळं आरशातल्यासारखं डावं-उजवं झालंय. खरं तर हे मी पहिल्या फोटोला ओळखायला हवं होतं, पोटापाण्याचा धंदा आहे माझा. तोच फोटो मोबाईलमध्ये आडवा उलटवून टाका.

मीनल_ऐरोली

उलटवला. टाकलाय.

सानपाडा_लोकल

दार जागेवर आलं.

शंकासुर

पाणी पण. तलावपाळी. मी हरलो, भेळ माझ्याकडून.

कार्बन_आर्क

आम्ही रीळ उलटं चढवलं तर पाट्या उलट्या दिसायच्या आणि पब्लिक लगेच ओरडायचं. इथे पाटी नव्हती म्हणून फसलात. पदर ही पण पाटीच म्हणायची.

मीनल_ऐरोली

रिळं महाप्याला दिली होती, दोन आठवड्यांनी काल फाइली मिळाल्या. टीव्हीवर लावून आईला बसवलं. डबेवाल्यांनी सांगितल्याप्रमाणे शेजारी मोबाईलवर तिचा आवाज रेकॉर्ड केला, मध्ये मध्ये टीव्ही थांबवून. एकूण बेचाळीस मिनिटं आहे, आम्हाला साडेचार तास लागले. ७७ च्या रिळात गाडीतून वाशीचा पूल आहे, अख्खा रिकामा, पलीकडे काहीच नाही, आई म्हणाली हे म्हणायचे इथे शहर होणार आणि मी म्हणायचे तुम्हीच राहा तिथे. आता मी ऐरोलीला राहते. "शेवटी हात हलला" तिथे मी आहे, दीड वर्षाची, पडतेय. कॅमेरा एकदम जमिनीकडे जातो आणि रीळ संपतं.

नौपाडेकर

🙏

डबेवाला_महापे

ताई, पुलाचं ते रीळ सांभाळा, त्या डॉक्युमेंट्रीवालीला सांगू का? तुमची परवानगी असेल तरच, आणि ती पैसे देईल, फुकट देऊ नका. आता यादी बनवा. रिळाचा नंबर, खोक्यावरचं बाबांचं जसंच्या तसं, मग मिनिट-सेकंद, कोण, कुठे. "तलाव" एवढंच नको, मासुंदा, तलावपाळी, ठाणे असं सगळं लिहा, पुढचा माणूस कुठल्या नावाने शोधेल सांगता येत नाही. खोक्यांवर बॉलपेनने नको, पेन्सिलीने.

मीनल_ऐरोली

पुलाचं सांगा तिला, आईने हो म्हटलंय. यादी झाली जवळजवळ, नऊ पानं. एकच अडलंय. तो छत्रीवाला. परवा आई म्हणाली भिशीवाले काका. काल म्हणाली नाही, ते एवढे उंच नव्हते, हे बाबांच्या कंपनीतले कॅन्टीनवाले असतील. आज म्हणते ऊन होतं तर छत्री कशाला घेतली होती त्याने. काय लिहू?

डबेवाला_महापे

दोन्ही लिहा. पुढे प्रश्नचिन्ह. आणि कुणी सांगितलं, कुठल्या तारखेला सांगितलं, ते पण.